शाहिरांची फाईल

२०२४ चा सगळा उन्हाळा माझा एका फाईलीत गेला. फाईल आमच्या अण्णांची. अण्णा म्हणजे शाहीर, १९८९ पासून मी त्यांच्या पार्टीचा मॅनेजर आहे, सुपाऱ्या घेणं, गाडी ठरवणं, हिशेब, भांडणं, दवाखाना सगळं माझ्याकडं. हे लिहिलेलं त्यांना वाचून दाखवलंय, नाव तेवढं टाकू नको म्हणाले, बाकी राहू दे म्हणाले.

झालं असं की त्या मार्चमध्ये सरकारचा जीआर निघाला. म्हाताऱ्या कलाकारांना मानधन आधीपण होतं, पण त्यात अ ब क असे वर्ग आणि रक्कम वेगवेगळी, आता १ एप्रिल २०२४ पासून सगळ्यांना सरसकट महिना ५००० रुपये. राजर्षी शाहू महाराज ज्येष्ठ साहित्यिक व कलाकार मानधन सन्मान योजना असं लांबलचक नाव आहे. वय ५० च्या वर पाहिजे, कलेत किमान १५ वर्षं घातलेली पाहिजेत, वर्षाचं उत्पन्न ६०,००० च्या आत पाहिजे, दुसरी सरकारी पेन्शन चालू नको, आणि एका जिल्ह्यातून वर्षाला १०० जणच घेतात. अण्णा तेव्हा ७४ चे. सोळाव्या वर्षी डफ हातात घेतला तो अजून खाली ठेवलेला नाही. वहिनींनी विड्या वळून संसार केला, आता त्यांना डोळ्यानं नीट दिसत नाही. घर दोन खोल्यांचं. म्हणजे सगळ्या अटीत अण्णा बसत होते, फक्त एकच भानगड, ही सगळी वर्षं गायलो हे कागदावर दाखवायचं कसं.

आणि त्याच्या आधीची भानगड म्हणजे अण्णाच तयार नव्हते. "नाइट न करता पैसे कसले घ्यायचे? आणि पोरांना काय सांगू?" नाइट म्हणजे आमचा रात्रीचा कार्यक्रम, आणि पोरं म्हणजे पार्टीतले साथीदार, त्यातला सगळ्यात लहान पोरगा ४८ वर्षांचा आहे. आठ दिवस मी रोज संध्याकाळी जाऊन बसायचो, वहिनी चहा द्यायच्या, अण्णा दुसरंच काहीतरी बोलत राहायचे. शेवटी एक दिवस मी म्हणलं, अण्णा, किती मंडळांनी आपली बाकी बुडवली, ती सगळी बाकी आता येतीय असं समजा. जरा थांबले, आणि म्हणाले, "बाकी हाय म्हणतोस? मग वसूल कर, ते तुझं काम हाय."

माझी आणि त्यांची गाठच बाकीवरून पडली. १९८९ ला मी अक्कलकोट रोडला एका चादर कारखान्यात हिशेब लिहायला होतो, वय २७. आमच्या गल्लीतल्या मंडळानं गणपतीत अण्णांना सुपारी दिली होती, अकराशे रुपये, त्यातले दोनशे विसार, म्हणजे आगाऊ. कार्यक्रम असला झाला की रात्री दोन वाजले तरी बायका उठेनात. मग पैसे द्यायची वेळ आली तर खजिनदार गायब. अण्णा आणि सहा साथीदार पेटी, ढोलकी, डफ, तुणतुणं सगळं कट्ट्यावर ठेवून सकाळपर्यंत बसून राहिले, कुणाला एक शब्द वाकडा बोलले नाहीत. मला ते बघवलं नाही. मी त्यांना नेऊन चहा-भजी खायला घातली आणि पुढचे आठ दिवस घरोघर फिरून नऊशे गोळा केले. ते द्यायला गेलो तर अण्णांनी मोजलेपण नाहीत, गादीखाली सरकवले आणि म्हणाले, "रविवारी मोहोळला नाइट हाय, येतोस का बे?" गेलो. त्या रविवारपासून आजपर्यंत जातोच आहे. कारखाना दोन वर्षांनी सुटला.

मोहोळला जाताना एसटीच्या टपावर ढोलकीची पिशवी मी छातीशी धरून बसलो होतो, पाऊस आला तर काय करायचं हे कुणी सांगितलं नव्हतं, शर्ट काढून तिच्यावर गुंडाळला. नंतर शिकलो सगळं. पावसाळ्यात चामडं ढिलं पडतं, आवाज उतरतो, उन्हाळ्यात उलटं, चामडं ताणतं आणि ढोलकी चढते. डफ शेकायला शेगडी लागते, ती मंडळाकडं मागितली तर कार्यक्रमाच्या टायमाला कधीच मिळत नाही, म्हणून गाडीत आपली ठेवायची. अण्णांना कार्यक्रमाच्या दिवशी दही नाही, फ्रीजचं पाणी नाही, जेवण संध्याकाळी सहालाच, ज्वारीची भाकरी आणि शेंगाचटणी, त्यावर तेल मात्र कमी. खिशात ज्येष्ठमध आणि खडीसाखर माझ्याच. आणि बाकी वसूल करायचा नियम मी पहिल्या वर्षातच केला, गण झाला, गवळण झाली, एखादं भारूड झालं की मी उठून कमिटीकडं जायचं आणि उरलेले पैसे घ्यायचे, ते हातात आले की मी स्टेजच्या कडेला येऊन टोपी काढणार, ती अण्णांनी बघितली की पोवाडा सुरू. टोपी डोक्यावर असेल तर अजून एक भारूड. पब्लिकला यातलं काही कळायचं नाही, त्यांना उलट एक भारूड जास्तीचं मिळायचं.

आमचं वर्ष जानेवारीत सुरू व्हायचं. १२ जानेवारीला चार हुतात्म्यांचा पोवाडा, मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे, श्रीकिसन सारडा, १९३१ ला येरवड्यात फाशी दिली त्यांना, सोलापुरात चार पुतळ्यापाशी उभं राहिलं की अण्णांचा गळा अजून भरून येतो. लगेच सिद्धेश्वरांची यात्रा, गड्डा, नंदीध्वज, अक्षता, बाहेरगावचे पाहुणे आलेले असतात त्यामुळं वर्षभराच्या निम्म्या सुपाऱ्या मी होम मैदानाच्या गर्दीतच फिरून पक्क्या करायचो. मग चैत्रात गावोगावच्या जत्रा, १४ एप्रिलपासून जयंतीचे कार्यक्रम ते मे संपेपर्यंत, आषाढीला पंढरपूर, मग गणपती, नवरात्रात तुळजापूरचा रस्ता. लाऊडस्पीकरचा दहाचा नियम कडक झाल्यापासून रात्र लहान झाली, पहिलं आम्ही नऊला सुरू करून भैरवीला उजाडायचं, आता नऊला सुरू करायचं आणि दहाला मी घड्याळ बघायचं. अण्णांना याचा लई त्रास झाला. पोवाडा तासात बसत नाही, त्याची घडणच तशी नाही.

तर पुरावे. माझ्याकडं डायऱ्या होत्या. १९८९ ते २०२४, छत्तीस. दिवाणजी होतो म्हणून सवय लागलेली, प्रत्येक नाइटचं एक पान. गाव, तारीख, मंडळाचं नाव, ठरलेली रक्कम, विसार, बाकी, गाडीचं भाडं, कुणाला किती वाटा, फर्माईशीला कुणी किती बक्षीस दिलं तेपण, कारण ते माईकवरून नाव घेऊन सांगायला लागायचं आणि रात्रीतच वाटायला लागायचं. पत्र्याच्या पेटीत होत्या सगळ्या. उघडलं तर खालच्या पाच वाळवीनं खाल्लेल्या, १९९५ ते ९९. पाच वर्षांची गावं गेली. मी त्या दिवशी जेवलो नाही.

पण ज्यांनी आधी फाईल केली होती त्यांनी सांगितलं की नुसती डायरी चालत नाही, ती काय कुणीपण घरी बसून लिहील, बाहेरच्या माणसाचा कागद पाहिजे. मग शोध सुरू झाला. पत्रिका, हँडबिलं, पेपरातली कात्रणं, बॅनर दिसेल असे फोटो. हुतात्मा स्मृती मंदिरातल्या एका कार्यक्रमाचा फोटो ढोलकीवाल्याच्या घरी देवघरात सापडला, मागं पडद्यावर तारीख स्पष्ट दिसतीय, त्याच्या बायकोनं तो द्यायला खळखळ केली, मग तिथंच मोबाईलवर काढून घेतला. डायरीतले पत्ते बघून जुन्या मंडळांकडं गेलो. बार्शीला गेलो, करमाळ्याला गेलो, ज्यांच्याशी व्यवहार केला ती माणसं गेलेली, त्यांची पोरं सांगायची, हो हो आमचे वडील सांगायचे तुमच्या शाहिरांचं. लेटरहेडवर लिहून दिलं बऱ्याच जणांनी. एका गावात तर म्हातारा माणूस माझ्याकडं बघून म्हणाला, टोपी काढणारा तूच ना? म्हणजे एवढी वर्षं त्याला माहीत होतं. मी त्याच्या पाया पडलो.

सगळ्यात भक्कम कागद निघाले ते आकाशवाणीचे. सोलापूर आकाशवाणीवर अण्णांनी लोकसंगीताची ऑडिशन दिलेली, नंतर अधूनमधून रेकॉर्डिंगला बोलवायचे, त्याची करारपत्रं. ती वहिनींनी जपून ठेवली होती, रेशनकार्डाच्या पिशवीत. तारीख, रक्कम, सही, शिक्का. पण त्यावर अण्णांचं कागदोपत्री नाव, आणि हँडबिलांवर सगळीकडं शाहीर अमुक सोलापूरकर, आधारवर तर आणखी तिसऱ्याच स्पेलिंगचं. तीन माणसं झाली एकाची. त्यासाठी प्रतिज्ञापत्र केलं, की ही सर्व नावं असणारी व्यक्ती मीच आहे. अण्णांनी सही करायच्या आधी ते वाक्य दोनदा वाचायला लावलं.

पती-पत्नीचा एकत्र फोटोपण लागतो. बावन्न वर्षांच्या संसारात दोघांचा एकत्र एकही फोटो नाही. स्टुडिओत नेलं तर वहिनी म्हणाल्या यांना फेटा बांधा, फेट्याशिवाय मी यांना ओळखत नाही. बांधला. त्या दिवशी वहिनी लई बोलल्या, एवढं मी त्यांना कधी ऐकलं नव्हतं. म्हणाल्या, भाऊजी, तुम्ही यांच्याबरोबर जेवढ्या रात्री काढल्या तेवढ्या मी काढल्या नाहीत. मला काय बोलावं सुचलं नाही.

आता जे सांगायचं होतं ते. डायरीची निवडक पानं झेरॉक्सला काढायची होती म्हणून अण्णांच्या घरीच पसारा मांडला होता. अण्णा कधी डायरी बघायचे नाहीत, मॅनेजरचं काम मॅनेजरनं करावं असं त्यांचं. त्या दिवशी हातात घेतली एक आणि पानं उलटायला लागले. मग दुसरी. मग म्हणाले, "मॅनेजर, ह्या कोपऱ्यात काय लिवलंय?"

प्रत्येक पानाच्या वरच्या उजव्या कोपऱ्यात मी बारीक अक्षरात पट्टी लिहायचो, म्हणजे त्या रात्री अण्णा पेटीच्या कुठल्या सुरावरून गायले ते. का ४ म्हणजे काळी चार. मला सूर कळत नाही, पेटीवाल्या मामांना विचारून लिहायचो, सुरुवातीला उगाच, शिकायची हौस म्हणून. १९८९ ला सगळी पानं का ४. तो आवाज ज्यांनी ऐकला त्यांना सांगायला नको, माईक बंद पडला तरी शेवटच्या माणसापर्यंत जायचा. नंतर एका हिवाळ्यात घसा बसला तो तीन महिने उघडला नाही, उघडला तेव्हा एक पायरी खाली काळी तीनवर आला, ते वर्ष वाळवीच्या डायऱ्यांत गेलं. २००४ पासून आणखी खाली, पां ४, पांढरी चार. २०११ पासून का २. २०१९ पासून का १. पार्टीत सगळ्यांना माहीत होतं, माहीत असायलाच लागतं, पट्टी उतरली की ढोलकी बदलायला लागते, जरा मोठ्या तोंडाची घ्यायला लागते, तुणतुण्याची तार उतरवायला लागते. पण बाहेर कुणाला कळू दिलं नाही. २००४ ला नवीन ढोलकी घेतली तर लोकांना सांगितलं जुनीचं खोड तडकलं. १२ जानेवारीचा पोवाडा अण्णांनी दोनदा चाल बदलून बांधला, चार नावं पहिलं अगदी वरच्या सुरात यायची, ती खाली आणली आणि प्रत्येक नावानंतर डफाची थाप ठेवली, लोक म्हणाले वा, काय नवीन बांधणी केलीय शाहिरांनी. खरं कारण मला आणि मामांना माहीत. मामा २०२१ मध्ये कोरोनात गेले.

मी अण्णांना सांगितलं, हे काय आहे ते. ते काही बोलले नाहीत. १९८९ ची डायरी घेऊन बसले, मग ९४ ची, मग २००० नंतरच्या एकेक, पैसे, गावं काही वाचत नव्हते, फक्त कोपरे बघत होते. मग उठून मामांची पेटी पुढं घेतली, ती आमच्याकडंच आहे, भाता हलवला आणि काळी चार दाबून धरली. नुसती धरली. गायले नाहीत. वहिनी आतून बघायला आल्या. बऱ्याच वेळानं भाता सोडला आणि म्हणाले, "ते कोपरे झाक."

मी पांढऱ्या कागदाच्या पट्ट्या कापल्या आणि झेरॉक्सवाल्याकडं स्वतः उभा राहून प्रत्येक पानाचा कोपरा झाकून प्रती काढल्या. त्रेचाळीस पानं. मागं लाईन लागलेली, तो पोरगा म्हणाला काका एवढं काय आहे त्या कोपऱ्यात, मी म्हणलं हिशेब आहे.

एक पान मी मुद्दाम दिलं नाही. २७ सप्टेंबर १९९३, गणपतीतला कार्यक्रम, उमरग्याच्या बाजूचं गाव. बाकी ४०० राहिली होती, विसर्जन झालं की आणून देतो म्हणाले होते, भली माणसं होती. विसर्जन झालं २९ ला आणि ३० ला पहाटे चारच्या सुमाराला भूकंप. सोलापुरात आमच्या घरातली भांडी पडली, आम्हाला वाटलं इथंच झालं, मग रेडिओवर किल्लारी, सास्तूर ऐकलं. तिसऱ्या दिवशी अण्णा आणि मी भाकरी आणि चादरी घेऊन एका ट्रकमधून गेलो. ज्या पारावर आम्ही गायलो होतो त्याच्या मागं काही उरलं नव्हतं. त्या वर्षी नवरात्राचे सातही विसार अण्णांनी परत करायला लावले, पैसे तर खर्च झाले होते, मी भिशी उचलून परत केले. त्या पानावर बाकी ४०० च्या आकड्यावर एक आडवी रेघ आहे, ती अण्णांनी मारलेली. छत्तीस डायऱ्यांत अण्णांच्या हातचं तेवढंच आहे. ते पान मी कुठंच देणार नाही.

उत्पन्नाचा दाखला, रहिवासी दाखला, बँकेचं पासबुक, हे होतं तसं झालं. अर्ज ऑनलाईन भरायचा, माझ्या पोरीनं भरला, ओटीपी माझ्या मोबाईलवर, कारण अण्णांचा नंबर म्हणून गेली वीस वर्षं सगळीकडं माझाच नंबर आहे. कागद दाखवायला गेलो तेव्हा टेबलावरच्या बाईंनी नीट बघितले सगळे, एक एक, आणि मला विचारलं, तुम्ही मुलगा का यांचे? मी म्हणलं नाही, मॅनेजर. म्हणजे तुम्हीपण कलाकार? नाही म्हणलं. मग त्यांनी विचारलं, तुमचं वय किती, मी म्हणलं ६२, त्या म्हणाल्या तुम्ही वाजवत असता काही तर तुमचापण अर्ज झाला असता. चांगल्या मनानं म्हणाल्या. पण मला ते लागलं. मी कधी टाळसुद्धा हातात धरला नाही, खोटं सांगून अर्ज करायचा प्रश्नच येत नाही. पण आमच्यासारखी माणसं आहेत हो, प्रत्येक पार्टीत एक असतो, जो रात्री अडीचला मंडपाच्या मागं उभा राहून ड्रायव्हरला उठवतो, ज्याला माहीत असतं कुणाच्या पोराची फी राहिलीय, कोण पिऊन आलाय आणि त्याला आज मागच्या ओळीत बसवायचं, शाहीर खरं कशानं गप्प झालाय. पार्टी ज्यांच्या खांद्यावर उभी असते त्यांचं नाव हँडबिलावर सगळ्यात खाली असतं, संपर्क म्हणून. मला पैसे नकोत, पण कुठंतरी कागदावर हे काम आहे असं लिहिलेलं पाहिजे, असं मला मनापासून वाटतं.

मंजुरी यायला वेळ लागला. मधे एक जानेवारी गेली, अण्णा चार पुतळ्यापाशी बसून गायले, उभं राहवत नाही आता. मग एक दिवस दुपारी मी पंढरपूरहून एसटीनं येत होतो, मोहोळ सोडलं होतं, मोबाईलवर मेसेज आला, खात्यात ५००० जमा. अण्णांना फोन लावला. आवाज येईना गाडीच्या आवाजात, ओरडून सांगितलं, अण्णा, बाकी आली.

"किती?"

पाच हजार म्हणलं.

"पोरांचा वाटा किती पडतो?"

मी म्हणलं, अण्णा, हे तुमचं एकट्याचं आहे, दर महिन्याला येणार, याचे वाटे नसतात. तर ऐकायलाच तयार नाहीत. म्हणाले त्या फाईलीत फोटो कुणाचे लावलेस? ढोलकी दिसतीय ना त्यात? झीलकरी दिसतायत ना? मग. एसटीतले लोक माझ्याकडं बघायला लागले एवढं आमचं चाललं होतं. घरी गेलो तर वहिनींनी आधीच मिटवलं होतं, दर महिन्याला नाही, फक्त पहिल्या महिन्याचे वाटे करायचे, पुढचे औषधपाण्याला. मी डायरी उघडली आणि नेहमीसारखं लिहिलं, अण्णा निम्मे, ढोलकी ७००, दोघे झीलकरी, म्हणजे मागं साथीला गाणारे, पाचपाचशे, तुणतुणं ४००, मामांच्या घरी ४००. मॅनेजरचा वाटा मी लिहिला नव्हता, अण्णांनी डायरी मागून घेतली, आणि स्वतःच्या निम्म्यातून ५०० माझ्या नावावर टाकायला लावले. मामांच्या घरचे देऊन आलोय, ढोलकीवाला लग्नाला बार्शीला गेलाय, त्याचे शुक्रवारी देणार.